नव्वदावा

"एकोणनव्वद," मी म्हणाले.

"पुन्ना मोजा," सत्यावैनी म्हणाली.

"मोजून मोजून डोळे फुटायची वेळ आली, वैनी. एकोणनव्वद म्हणजे एकोणनव्वद."

"मगे माती पुन्ना चाळतंय."

"दोनदा चाळलीत."

"तिसऱ्यांदा चाळतंय. माझे हात, माझी चाळण. तुमचा काय जाता?"

एकवीस वर्षांपूर्वीचा शनिवार, दुपारचे तीन. पोयखोलच्या खाडीकाठी बंद पडलेल्या बर्फाच्या कारखान्यामागे दोन खोल्यांचं आमचं संशोधन केंद्र होतं. केंद्र हा शब्द पाटीवर. आत चार टेबलं, एक जुनी सूक्ष्मदर्शी, हवेचे बुडबुडे सोडणारा घरघरणारा पंप आणि आम्ही दोघी. सर होते, पण ते मुंबईला असत आणि फोनवर असत.

ज्याच्यासाठी हा सगळा खटाटोप, तो प्राणी म्हणावा तर तांदळाच्या कणीएवढा. ॲम्फिपॉड त्याचं नाव. लांबचा कोलंबीच्याच भावकीतला, पण चिमटीत धरून दोन्ही बाजूंनी चेपल्यासारखा चपटा. समुद्राच्या तळच्या मातीत घर करून राहतो आणि मातीत विष असलं की सगळ्यांच्या आधी मरतो. म्हणूनच आमच्यासारख्यांना त्याची गरज पडते. एका काचपात्रात वीस, अशा पाच पात्रांत मिळून शंभर जीव संशयाच्या मातीत सोडायचे, दुसरे शंभर चांगल्या मातीत, आणि दहा दिवसांनी दोन्हीकडचे किती जगले ते मोजायचं.

संशयाची माती म्हणजे बंदरातला काळा गाळ. बंदर खोल करताना निघणारा तो गाळ बंदराच्या कंपनीला आमच्या खाडीच्या तोंडाशी आणून टाकायचा होता. त्या खाडीत ओहोटीला चाळीस घरच्या बायका गुडघाभर चिखलात उतरून तिसऱ्या, म्हणजे खायच्या शिंपल्या, काढत आणि त्यावर त्यांच्या चुली पेटत. बंदराच्या गाळात आमचे शंभरातले एकतीस जगले होते. खरं म्हणजे खेळ इथेच संपायला हवा होता. पण नियम असा, की चांगल्या मातीतले शंभरातले निदान नव्वद जगलेच पाहिजेत. नाही जगले, तर तुमचे प्राणीच मुळात रोगट किंवा तुमचं काम गचाळ, असं धरून सगळी चाचणी रद्द. नवी करायची तर आणखी दहा दिवस, आणि कंपनीच्या परवानगीची सुनावणी सोमवारी अकराला. गाळ काढायचं जहाज आठवडाभर बंदरात तयार उभं होतं.

चांगल्या मातीत जिवंत एकोणनव्वद, मेलेले तीन आणि आठ बेपत्ता. हातातोंडाशी आलेला घास म्हणतात तो हाच. एका कणीएवढ्या जिवासाठी चाळीस घरांचं घोडं अडलं होतं.

बेपत्ता कसे होतात? दहा दिवसांत असल्या जिवाचं प्रेत विरघळून जातं, नाहीतर बाकीचे भाऊबंद खाऊन टाकतात. म्हणून जो सापडला नाही तो मेलेला धरायचा, असा चाचणीचा नियम. पहिल्या चाचणीच्या वेळी मी तो वैनीला समजावून सांगितला, तेव्हा ती चाळण हातात तशीच धरून माझ्याकडे बघत राहिली होती.

"नाय गावलां म्हणजे मेलां? ह्यो खंयचो कायदो?"

"मी नाही केला, वैनी."

"ज्यान केल्यान, त्याचा कोण हरवलाला नसतला."

मी लातूरकडची. पाणी टँकरने येतं अशा गावची मुलगी समुद्राच्या नोकरीला आली म्हणून सगळ्यांनी हसून घेतलं होतं. सव्वीस वर्षांची, डोकं गरम, जीभ तिखट. पण त्या दिवशी मी वाद न घालता कागदावर आकडा लिहायला घेतला. कारण सत्यवती टिकमचा नवरा विश्राम दोन वर्षांपूर्वी होडी घेऊन गेला तो आला नव्हता. होडीत चौघे होते. तिघांची प्रेतं वेगवेगळ्या किनाऱ्यांना लागली. विश्रामचं काहीच लागलं नाही, चप्पलसुद्धा नाही. वैनी कपाळाला मोठं कुंकू लावून, गळ्यात मंगळसूत्र घालून रोज सकाळी आठला कामावर येई. कोणी काही विचारलंच तर म्हणे, "येतलो. तेका पोहूक येता."

ओहोटीला कुठल्या वाळूत हे जीव सापडतील ते तिला पायाच्या अंगठ्याने कळे. सूक्ष्मदर्शीखाली मला जो हलताना दिसत नसे, तो तिला नुसत्या डोळ्यांनी दिसे. 'सुंगटाची पोरां', कोलंबीची पोरं, म्हणायची ती त्यांना. मोजणीच्या कागदावर दोन सह्या लागत: लिहिणारीची माझी, मोजणारीची तिची. तिची सही म्हणजे काळ्या दगडावरची रेघ. डोळ्यांनी पाहिल्याशिवाय ती आकड्याखाली नाव लिहीत नसे, हे सरांनाही ठाऊक होतं.

साडेतीनला सरांचा फोन आला.

"नव्वद झाले ना?"

"एकोणनव्वद, सर."

मग सर म्हणाले, "बघा काय करता येतं ते." आणि फोन ठेवला. काय करता येतं म्हणजे काय, ते त्यांनी सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही.

वैनी पाचव्या पात्राची माती पांढऱ्या ट्रेमध्ये चिमूट चिमूट पसरून बघत होती. तिचे ओठ हलत होते. मला वाटलं, मोजतेय.

"वैनी!" दारातून हाक आली. भिकाजी, तिचा दीर. बिचारा भला माणूस, पण त्याचं तोंड त्या दिवशी उतरलेलं होतं. आत न येता तो दाराच्या चौकटीला हात लावून उभा राहिला. "उद्याचा काय ठरवलास? भटजी विचारतत."

"सांजेक सांगतंय म्हटलंय ना, भावजी."

"उद्या अवस. ती चुकली तर महिनो जायत. माझ्या चेडवाच्या सासरचे थांबूचे नाय, वैनी. त्यांचा म्हणणां, घरातलो माणूस असो अधांतरी ठेवून लगीन नको."

"माका ठावक आसा."

"मी तेचो भाव. माका बरा वाटता काय?" भिकाजीचा आवाज फाटला.

वैनी उठली, हात पुसले आणि त्याला घेऊन बाहेर माडाखाली गेली. दर्भाचा पुतळा करून विश्रामचे संस्कार करायचे होते, हे मला गावात कुजबुज होती त्यावरून ठाऊक होतं. पुतण्या अग्नी देणार होता. फक्त वैनीच्या होकारावर अडलं होतं. खिडकीतून मला दोघं दिसत होती. भिकाजी हात जोडत होता आणि वैनी जमिनीकडे बघत होती.

खोलीत मी एकटी आणि तो ट्रे.

आता मी जे केलं ते सरळच सांगते. कोपऱ्यात राखीव टाकी होती. चाचणीत न वापरलेले तीस-चाळीस जीव तिच्यात होते. मी ड्रॉपर घेतला, त्यातला एक ओढून घेतला आणि पाचव्या पात्राच्या मातीचा जो ढीग अजून पसरायचा राहिला होता, त्यात सोडला. बोटाने वर थोडी माती ओढली. नुसता नव्वद लिहून मोकळी झाले असते, पण वैनीने सही केली नसती. तिला तो सापडायला हवा होता. मनाशी मी म्हटलं, गाळात एकतीसच जगलेत हे तर खरं आहे ना? मग खऱ्याला एका खोट्याचा टेकू दिला तर कुणाचं काय बिघडलं?

वैनी परत आली तेव्हा तिचे डोळे लाल होते. ती ट्रेपुढे बसली. मी माझ्या टेबलाशी तिच्याकडे पाठ करून उभी राहिले आणि उगीचच काचपात्रं धुऊ लागले.

पाच मिनिटं गेली असतील.

"बाय!"

असा आवाज मी तिच्या तोंडून कधी ऐकला नव्हता. मी वळले. तिने ड्रॉपर वापरलाच नव्हता. तिच्या ओल्या तळहातावर तो तांबूस ठिपका कुशीवर पडून पाय मारत होता.

"गावलां! जितां आसा! बघ, बघ कसां हलता!"

"अरे वा," मी म्हणाले. माझा आवाज मलाच चोराचा वाटला.

वैनी हसत होती आणि रडत होती, आणि डाव्या हाताने पदर सावरायचं तिला सुचत नव्हतं. मी एकोणनव्वद एका रेघेने खोडून पुढे नव्वद लिहिलं, वेळ टाकली, चार चाळीस. तिने खाली सही केली. मला वाटलं, खाडी वाचली म्हणून हिला एवढा आनंद झालाय. त्या रात्री मी पोटभर जेवले आणि गाढ झोपलेसुद्धा.

रविवारी सकाळी आठला मी सुनावणीचे कागद लावत बसले होते. वैनी आली. सुट्टी असून आली, नवं लुगडं नेसून आली, आणि हातात कागदात बांधलेलं मालवणी खाजं.

"हां खावा. तोंड गोड करा."

"उद्या निकाल लागू दे आधी, वैनी."

"माझो निकाल काल लागलो." ती स्टुलावर बसली. "काल भावजींक सांगून टाकलंय, उद्याचां काय करूचां नाय. आता नाय आणि कधीच नाय. चेडवाचा लगीन मोडला तर मोडांदेत. जित्या माणसाचो पुतळो कोण जाळता?"

माझ्या हातातले कागद हातातच राहिले.

"म्हणजे?"

"बाय, तुका सांगतंय, हसा नको. रवळनाथाक तीन वेळा कौल लावलंय. तीनय वेळा पाकळी दगडाक चिकटून ऱ्हवली. ना उजवी ना डावी. देव बोलाकच तयार नाय. मगे काल ती आठ गावनत नाय म्हटल्यावर मनात इला, ह्योच कौल. रवळनाथाक म्हटलंय, देवा, ह्या आठातलां एक जरी जितां गावलां तर माझो घोव जितो आसा. नाय गावलां, तर सांजेक भावजींका हो म्हणतंय." तिने दोन्ही हात मांडीवर उपडे केले. "दोनदा चाळलंय, नाय. भावजी इले, तेवा मी मनात हो म्हणान टाकल्यालंय. भायर तां सांगूकच गेल्यालंय. पण जीभ वळाना. म्हटलां, येक मूठ माती ऱ्हवली हा, तेवडी बघूंदे."

खाज्याचा पुडा माझ्यापुढे उघडा पडला होता. गुळाचा आणि आल्याचा वास येत होता. मी तो बाजूला सरकवला.

गप्प बसता आलं असतं. मी तिथे बसून तो हिशेब केला, खोटं कशाला बोलू? गप्प बसले तर खाडी वाचते, माझी नोकरी वाचते, ही बाई आनंदात राहते. आणि मग दिवाळी येईल, शिमगा येईल, पुतणीचं लग्न मोडेल, दीर बोलायचा थांबेल, आणि ही रोज कुंकू लावून दर्याकडे बघत म्हातारी होईल. टाकीतल्या एका किड्याच्या भरवशावर. माझ्या भरवशावर.

"वैनी," मी म्हणाले, "तो त्या आठातला नव्हता."

"म्हंजे?"

"तुम्ही भावजींशी बोलत होतात तेव्हा मी तो टाकीतून काढून तुमच्या मातीत टाकला. नव्वद करायला."

ती हसली. मी थट्टा करतेय असं तिला वाटलं असावं. मग माझं तोंड बघून तिचं हसू हळूहळू गेलं. ती ओरडली असती, शिव्या दिल्या असत्या, माझ्या थोबाडीत मारली असती तर मी सुटले असते. तिने तसं काही केलं नाही.

"त्या आठातलां एकय नाय?"

"नाही."

"ती येक मूठ माती..."

"तुम्ही गेल्यावर मी बाकीची सगळी बघितली. त्यात काही नव्हतं."

पंप घरघरत होता. ती टाकीकडे बघत बसली. मी तिच्या पायाशी बसले, पाय धरले, आणि रडत रडत काहीबाही बोलले: मला ठाऊक नव्हतं, मी मूर्ख आहे, उद्या साहेबांसमोर सगळं कबूल करते, अहवाल मागे घेते.

"आणि खाडी?" तिने विचारलं.

मी डोळे पुसले.

"गाळात येकतीसच जगली, तां खरां?"

"ते खरं आहे. देवाशप्पथ."

"मगे आकडो ऱ्हवांदे तसोच." तिने माझे हात पायांवरून बाजूला केले. रागाने नाही, पण पुन्हा धरू दिले नाहीत. "माझां जां जावचां तां गेलां. चाळीस घरांचां कित्याक घालवतंस?"

"वैनी, मला नाही जमणार हे."

"जमवूक होया. काल जमला ना?"

ती उठली. दाराशी जाऊन थांबली आणि पाठमोरीच म्हणाली, "अवस दुपारपर्यंत आसा मां?"

मी कॅलेंडर बघितलं. "दीड वाजेपर्यंत."

ती गेली. मी खिडकीशीसुद्धा गेले नाही. साडेबाराच्या सुमाराला किनाऱ्याकडून माणसांचा गलका आला, मग बायकांचं रडणं आलं. त्यात तिचा आवाज कुठला ते मी ओळखायचा प्रयत्न केला आणि मग माझ्या खोलीवर जाऊन उशी डोक्यावर घेऊन पडून राहिले. आयुष्यात मला माझी इतकी किळस कधी आली नव्हती.

सोमवारी सुनावणीचा हॉल भरला होता. एका बाजूला कंपनीची माणसं, दुसऱ्या बाजूला खाडीवरच्या बायका. मी रात्रभर ठरवून आले होते की वैनी काही म्हणो, आपण खरं सांगायचं. सकाळी आरशात बघून ते वाक्यही म्हणून पाहिलं होतं.

कंपनीचे तज्ज्ञ हुशार होते. त्यांनी आमचा मोजणीचा कागद वर धरला.

"साहेब, इथे एकोणनव्वद लिहून खोडलंय आणि नव्वद केलंय. एकोणनव्वदला ही चाचणी बाद होते, नव्वदला पास. दीड तासाने हा एक प्राणी कुठून उगवला, ते मॅडम सांगतील काय?"

अधिकारी साहेबांनी माझ्याकडे बघितलं. "सांगा, बिडवे मॅडम."

मी उठले. समोरच्या रांगेतल्या बायका माझ्याकडे बघत होत्या. त्यांच्या हातांना तिसऱ्यांच्या शिंपल्यांनी कापल्याच्या बारीक बारीक रेघा होत्या.

"साहेब," मी म्हणाले, "तो नव्वदावा प्राणी खरं म्हणजे..."

"मी सोदलंय तो."

सगळा हॉल मागे वळला. दाराबाहेर, उंबऱ्याच्या पलीकडे वैनी उभी होती. पांढरं कपाळ. मोकळा गळा. हातांत एकही बांगडी नव्हती. बायकांतल्या कुणीतरी तोंडावर हात घेतला. असल्या दिवसांत बाई घराचा उंबरा ओलांडत नाही, आणि ही चार मैल चालत आली होती.

"आपण कोण?" साहेबांनी विचारलं.

"मोजणारी. कागदार माझी सही आसा. माती तीन वेळा चाळलंय. तिसऱ्या खेपेक गावलां."

"जिवंत होता? नक्की?" तज्ज्ञ म्हणाले.

वैनीने उजवा तळहात पुढे केला. जणू अजून त्यावर काही आहे, अशी ती त्याच्याकडे बघत होती.

"हय, ह्या हातार हललां. जितां होतां."

साहेब मान खाली घालून लिहू लागले. मी अजून उभीच होते. वैनीने एकदाच माझ्याकडे बघितलं, आणि मी खाली बसले.

"बाई, आत या," साहेब म्हणाले. "एवढ्या जबाबाखाली सही करा."

"माका आत येवक होवचां नाय, सायबानू," वैनी म्हणाली. "सुतक आसा. काल माझो घोव वारलो."

साहेबांचं पेन थांबलं. मग त्यांनी शिपायाला खूण केली. शिपायाने कागद उंबऱ्यावर ठेवला, त्याच्यावर पेन ठेवलं आणि तो दोन पावलं मागे सरला. वैनी खाली बसली, कागद गुडघ्यावर घेतला आणि सावकाश आपलं पूर्ण नाव लिहिलं, सत्यवती विश्राम टिकम.